केळीशी बोलणारी बाई

"आणि शेवटी शेवटी तर ती बाई केळीच्या पिल्लाला दुपटं गुंडाळायला लागली," माईकवरचा माणूस म्हणाला, आणि सभागृहातल्या बायकांनी एकदम च्च च्च केलं.

मी पहिल्या रांगेत बसले होते. मांडीवर सत्काराची शाल, शालीवर नारळ. नारळ घरंगळू नये म्हणून दोन्ही हातांनी दाबून धरला होता. माईकवरचा माणूस सांगत होता की ह्या बाईची तान्ही मुलगी गेली. घरच्यांनी ती मागच्या दारी केळीखाली पुरली. मग बाईच्या मनानं ती केळच आपली मुलगी मानली. ती तिच्याशी बोलायची, तिला रागे भरायची, अंगाई म्हणायची. बाई किनाऱ्याकडच्या एका खेड्यातली, अशिक्षित. सरांनी तिच्याजवळ बसून, तिचा विश्वास मिळवून, सहा महिन्यांत तिला बरं केलं. त्यानं त्या बाईचं एक वाक्यही म्हणून दाखवलं: "तू सुखी गो. तुझं पिल्लू उपटलं तरी तुला कुणी दुसऱ्या दिवशी पाट भरायला लावत नाही."

एवढ्या सगळ्या गोष्टीत ते एक वाक्य खरं होतं. ते माझं होतं.

ती बाई मी, हे त्या सभागृहात दोघांनाच माहीत होतं. एक मी, आणि मलाही ते तेव्हाच कळत होतं. दुसरा स्टेजवर फेटा बांधून बसला होता आणि समोरच्या फुलदाणीकडे फार लक्ष देऊन बघत होता. तो माझा नवरा. तोंडावर मी त्याला अहोच म्हणते, पण लिहिताना कोण ऐकतंय.

अशिक्षित हा शब्द मला दुपट्यापेक्षा जास्त लागला. मी चौथी पास आहे. पाचवीला बसवायच्या आधी बापानं वाडीत कामाला घेतलं, तो भाग वेगळा.

नवरा मानसशास्त्राचा प्रोफेसर. आयुष्यभर त्यानं एकच काम केलं. जिथं मानसशास्त्राचा विभाग नाही तिथं जायचं आणि तो काढायचा. पहिला मराठवाड्यात काढला, दुसरा विदर्भात, तिसरा गुजरातेत. सुरुवात सगळीकडे सारखीच. विद्यापीठात तत्त्वज्ञानाचा विभाग असायचा आणि त्यांच्याकडे एक खोली पडून असायची. नवरा ती मागायचा. ते म्हणायचे, मन आमच्याकडेच आहे, वेगळ्या खोलीची गरज काय? मग हा कुलगुरूंच्या दारात जाऊन बसायचा. खोली मिळाली की कपाटासाठी अर्ज, कपाट आलं की यंत्रांसाठी अर्ज, यंत्रं आली की तपासणीची कमिटी. कमिटी खूश झाली की माणसं नेमायची. माणसं नेमली की सहा महिन्यांत त्यांचं आणि ह्याचं बिनसायचं. मग त्याचा डोळा पुढच्या विद्यापीठाकडे. माणसांचं मन ओळखायचा धंदा, आणि आपल्या हाताखालच्या चार माणसांशी ह्याचं कधी जमलं नाही.

कमिटी येणार असली की मला निरोप यायचा, सुकेळी पाठव. राजेळी केळी सोलून आम्ही उन्हात वाळवतो आणि केळीच्याच सोपटात बांधून ठेवतो, ती सुकेळी. वसईबाहेर कुणी फारशी खाल्लेली नसतात, त्यामुळे मोठमोठ्या माणसांचंही तोंड बंद होतं. तीन विद्यापीठांच्या कमिट्यांनी आमच्या वाडीची सुकेळी खाल्ली. सत्कारात नवऱ्याच्या दूरदृष्टीबद्दल पुष्कळ बोललं गेलं. सुकेळ्यांचं नाव कुणी काढलं नाही.

एकदा तो एक यंत्र घरी घेऊन आला होता. लाकडी फळी, वर आरसा. हात दिसत नाही, आरशात बघून कागदावर चांदणी काढायची. मला काढायला लावली. माझी चांदणी कुत्र्यानं चावलेल्या पोळीसारखी झाली. मग सासूनं काढली, तिची माझ्याहून वाईट. नवऱ्याला फार आनंद झाला. म्हणाला, पुस्तकात लिहिलंय तसंच होतंय. आणखी एकदा सांगत होता की पांढरे उंदीर पाळायचेत, पण त्यांच्या दाण्यांना मंजुरी मिळत नाही. सासू सूप पाखडत होती. तिनं विचारलं, "आपल्या कोठीत काळे आहेत, ते चालतील का रे?"

मी त्याच्याबरोबर कधी गेले नाही. वाडी होती, गुरं होती, सासू-सासरे होते. पापडीच्या चर्चची घंटा ऐकू येते तिथपर्यंतच माझं जग, असं तो मित्रांना सांगायचा. तो दिवाळीत यायचा आणि मे महिन्यात यायचा. आमच्या घरातल्या माणसांचं जे काही निरीक्षण त्यानं केलं असेल ते तेवढ्यात.

खोटं कशाला बोलू, ते विभाग अजून उभे आहेत. सत्काराला त्याच्या हाताखाली शिकलेल्या बऱ्याच बाया आल्या होत्या. एक नागपूरकडची, माझ्या पाया पडली. ती दवाखान्यात काम करते. गळफास घ्यायला गेलेली, विष प्यायलेली पोरं तिच्यासमोर आणून बसवतात. तिचं काम खरं आहे. तिला ते शिकायची जागा माझ्या नवऱ्यानं करून दिली, हेही खरं आहे. म्हणून तर त्याचा राग धड करताही येत नाही.

सत्कार कशासाठी होता तेही सांगायला हवं. आता आमच्या इथल्या कॉलेजातही मानसशास्त्राचा एमएचा वर्ग निघतो आहे. नवऱ्याला म्हातारपणी सल्लागार नेमलं आहे. वयाच्या चौऱ्याऐंशीव्या वर्षी चौथा विभाग, तोही गावात. त्याच्या जुन्या विद्यार्थ्यांनी ठरवलं, सरांचा सत्कार करू आणि त्यातच नव्या विभागाची बातमी देऊ. पुढच्या आठवड्यात उद्घाटन. पहिल्याच तुकडीत आमच्या थोरल्याच्या मुलीनं नाव घातलं होतं.

सत्कारानंतर चहा होता. तीन विद्यापीठांचे तीन घोळके माझ्याभोवतीच उभे राहिले, कारण मी समोशांच्या टेबलाजवळ बसले होते.

"दुपटं आम्हाला नव्हतं शिकवलं हां," एक टकला म्हणाला. तो पहिल्या विभागातला. "आमच्या वेळी ती बाई नुसती बोलायची."

"आमच्या वेळी अंगाई म्हणायची," विदर्भातली एक बाई म्हणाली. "सरांनी आम्हाला चालीवर म्हणून दाखवली होती."

"म्हणजे दुपटं आमच्याकडे गुजरातेत आलं," तिसरा म्हणाला. "आम्हाला तर सर सांगायचे, ती केळीला चमच्यानं दूध पाजायची."

"दूध?" टकला म्हणाला. "अरे, सर तुमच्याकडे रीडर झाले होते ना? प्रमोशनबरोबर बाईचं आजारपण वाढलं."

सगळे हसले. सरांच्या गोष्टीवर प्रेमानंच हसले. तेवढ्यात विदर्भातल्या बाईचं माझ्याकडे लक्ष गेलं.

"काकू, तुम्ही तर ओळखत असाल तिला. तुमच्याच गावातली ना ती?"

"असेल," मी म्हटलं. "समोसा घ्या."

घरी येताना गाडीत नवरा झोपला. झोपला म्हणजे डोळे मिटले. झोपेत त्याची मान पडते, तेव्हा ती ताठ होती.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो पडवीत चहात पाव बुडवून खात होता. नात शिकवणीला गेली होती. मी समोर पाट घेऊन बसले.

"अहो, मी वेडी कधी होते?"

"वेडी हा शब्द मी कधीही वापरत नाही."

"मग कुठला वापरता?"

"विस्थापन. भावनेचं विस्थापन."

"ते मला कधी झालं?"

"ज्याला होतं त्याला ते कळत नाही."

"बरं. दुपटं कुठून आलं?"

त्यानं पाव चहात जरा जास्त वेळ धरला, तो तुटून आत पडला. "मागच्या बाकावरच्या पोरांपर्यंत पोचायचं तर थोडं रंगवावं लागतं."

"आणि सहा महिने माझ्याजवळ कधी बसलात? दिवाळीला आलात आणि भाऊबीज झाल्यावर गेलात."

"नाव घेतलं का मी तुझं? इतक्या वर्षांत कुणाला कळलं?"

"आता कळेल. सरांच्या गावची बाई, मागच्या दारी केळी, तान्ही मुलगी गेलेली. ह्या गावात अशी प्रोफेसरं किती आहेत? वर्गाच्या पहिल्या सुट्टीत पोरं घर शोधतील. तुमची नात त्याच वर्गात बसणार आहे. मग ती मला बघेल ती कशी बघेल?"

"सहानुभूतीनं बघेल."

"तेच नको आहे मला."

तो चमच्यानं पावाचा लगदा काढायला लागला. मी म्हटलं, "उद्घाटनाचं भाषण तुमचं आहे. तिथं सांगा, ही गोष्ट खोटी."

"खोटी कशी? मी स्वतः ऐकलं तुला. त्या दिवाळीत, ह्या खिडकीतून. तू केळीशी बोलत होतीस."

"केळीशी नव्हते बोलत."

"मग कुणाशी?"

साठ वर्षांत हा प्रश्न त्यानं पहिल्यांदा विचारला. मानसशास्त्रज्ञ माणूस.

"तुमच्या आईशी," मी म्हटलं.

"आई? आई तर आत चुलीपाशी होती."

"म्हणून तर मी बाहेर होते."

आमच्या आळीत सून सासूला तोंडावर उत्तर देत नसे. म्हणून उत्तर देत नसे असं नाही. शेजारची सून कोंबड्यांना बोलायची. पलीकडची रहाटाच्या बैलाला. आवाज मात्र असा लावायचा की स्वयंपाकघरात नीट पोचेल. सासवाही तसंच करायच्या. आमची सासू मांजराला बोलायची. आम्ही दोघी समोरासमोर आलो की फक्त मीठ कुठं, तूप कुठं, एवढंच, आणि सकाळपासून दिवे लागेपर्यंत कडाक्याचं भांडण चालू. अख्ख्या आळीतल्या बायकांना कोण कुणाला काय बोलली ते समजायचं. कुंपणापलीकडून विचारायच्याही, "आज केळ फार ऐकून घेतेय गो!" पुरुष पुढच्या ओटीवर असायचे. त्यांचा समज असा की घरच्या बायकांचा मुक्या जनावरांवर फार जीव आहे. नवरा ह्याच घरात वाढला, पण पुढच्या ओटीवर वाढला.

त्या वर्षी श्रावणात मुलगी गेली. पहिलीच होती. बारसंही झालं नव्हतं. ताप आला, अंग निळं पडलं, सासरे डॉक्टरला घेऊन येईपर्यंत संपलं होतं. आमच्यात मूल वाडीत पुरत नाहीत, समुद्राकडच्या मसणात नेतात. बाया मसणात जात नाहीत. सासऱ्यांनी तिला पंच्यात गुंडाळून घेतलं, आणि मी त्यांच्या मागून निघाले. त्यांनी एकदा वळून बघितलं. परत जा म्हणाले नाहीत.

नवऱ्याला तार केली होती. त्याची उलट तार आली, कमिटी येते आहे. त्याचा पहिला विभाग तेव्हा उभा राहत होता. टेबल-खुर्च्या यायच्या होत्या.

दिवाळीपर्यंत मी वाडीत पाण्याचे पाट भरण्यापासून सगळ्या कामाला लागले होते. तरी सासूचं समाधान नव्हतं. ती चुलीपाशी बसून मांजराला म्हणायची, "लोळ बये, लोळ. पोर गेली म्हणून सूर्य उगवायचा राहत नाही. केळी कोण सोलील, तुझी आजी?" मग मी मागच्या दारी जाऊन केळीला सांगायची की तू सुखी, तुझं पिल्लू उपटलं तरी तुला कुणी पाट भरायला लावत नाही. मग आतून मांजराला उत्तर. मला दुःख होतं की नव्हतं हे विचारू नका. होतं. पण ते केळीला सांगायचं मला काय कारण? आणि सासूचं म्हणाल तर तिची स्वतःची दोन गेली होती. तिला कुणी बसून रडू दिलं नव्हतं, मग ती मला बसू देणार कशी?

हे सगळं मी त्याला एका दमात सांगितलं. त्याचा चेहरा लाल झाला. मला वाटलं, लाजला.

"माझ्या आईला तू असं बोलायचीस?"

"तुमची आई मला बोलायची."

"पण म्हातारीला असं! आणि मी समजत होतो..." त्यानं बशी खाली आपटली. "आणि हे मी स्टेजवरून सांगू? माझी आई सुनेला छळायची म्हणून?"

म्हणजे बायको भ्रमिष्ट होती, हे त्यानं साठ वर्षं खुशाल तीन विद्यापीठांत वाटलं. बायको सासूला उलटून बोलत होती, हे ऐकून त्याचा चहा गेला. तो उठून आत गेला, आणि पुढचे काही दिवस माझ्याशी बोलला नाही. माझं काही अडलं नाही. अबोला मला त्याच्याहून चांगला येतो.

मधल्या काळात नव्या विभागाच्या प्रमुखबाई घरी आल्या. तरुण, हुशार, भरभर बोलणारी बाई. नालासोपाऱ्याला राहते, स्कूटर चालवते. तिनं पायरीवर चपला काढतानाच वाडीकडे बघितलं.

"किती छान केळी आहेत हो काकू! सर, तुम्हाला सरप्राइज द्यायचं होतं, पण सांगूनच टाकते. उद्घाटनाला आपली मुलं एक नाटिका बसवताहेत. तुमच्या भाषणानंतर लगेच. केळीवाल्या बाईची केस."

नवरा "अं" म्हणाला.

"काकू, एक केळीचं पिल्लू मिळेल का? स्टेजवर खरं असलं की छान वाटतं. कुंडीत लावू आम्ही."

मागून नात आली. ती कॉलेजातून त्यांच्याबरोबरच स्कूटरवर आली होती. "आजी, तुझं एक जुनं लुगडं देशील? त्या बाईचं काम मला मिळालंय. मॅम म्हणाल्या, माझा चेहरा तसा वाटतो."

चेहरा तसा वाटणारच. नाक माझंच आहे तिचं.

मी म्हटलं, "देते की. पण आजोबांना विचार, ती बाई कुठल्या रंगाचं नेसायची. त्यांनी तिला सहा महिने जवळून बघितलंय."

नात हातात मोबाइल धरून त्याच्याकडे बघत राहिली, लिहून घ्यायला. "सांगा ना आजोबा. आणि चालायची कशी? वाकून की ताठ? पिल्लू हातात घ्यायची की तसंच जमिनीत असताना बोलायची? रडायची का?"

नवऱ्यानं काठी ह्या हातातून त्या हातात घेतली. पंचेचाळीस मिनिटांचा तास न थांबता घेणारा माणूस. शेवटी म्हणाला, "हिरवं. बहुतेक हिरवं."

मी आतून हिरवं लुगडं आणून दिलं. त्या दिवाळीत मी हिरवं नेसत नव्हते. बाळंतीण उठलेली नि मूल गेलेली सून, मला कुणी नवं लुगडं घेतलं नव्हतं. पण तो मुद्दा त्याच्याजवळ मांडून उपयोग नव्हता. प्रमुखबाई पिल्लू घेऊन गेल्या, नात लुगडं घेऊन आरशासमोर गेली. आतून तिचा आवाज येत होता, ती माझं वाक्य वेगवेगळ्या तऱ्हेनं म्हणून बघत होती. एकदा हुंदका देऊन, एकदा हसून. तिनं एकदाही ते रागानं म्हटलं नाही.

नवरा पडवीत बसून ते ऐकत होता. म्हणाला, "थांबवतो मी ते."

"नुसतं थांबवू नका. सांगा."

"सांगतो म्हटलं ना!"

उद्घाटनाला दारात रांगोळीसाठी नावाजलेल्या जूचंद्र गावच्या मुलींनी मोठी रांगोळी काढली होती. माणसाचा मेंदू. कोबीच्या गड्ड्यासारखा दिसत होता, पण रंग फार सुरेख भरले होते. मेंदूवर पाय पडू नये म्हणून सगळे पाहुणे भिंतीला अंग घासत आत गेले. नवऱ्यानं काठी टेकत नेमका मेंदूच्या कडेवर पाय दिला. मी पहिल्या रांगेत बसले. पडद्याआडून कुंडीतल्या केळीचं पान बाहेर डोकावत होतं, आणि त्याच्या बाजूला माझ्या हिरव्या लुगड्याचा काठ.

नवरा बोलायला उठला. सुरुवातीला मागच्या सत्काराचंच सगळं. तत्त्वज्ञानवाल्यांची खोली, कुलगुरू, कपाट. मग थांबला. पाणी प्यायला.

"आज मला एक दुरुस्ती करायची आहे," तो म्हणाला. "ज्या केसवर आता नाटिका होणार आहे, ती मी आयुष्यभर चुकीची शिकवली. त्या स्त्रीला कोणताही आजार नव्हता. तिचं वर्तन म्हणजे घरातल्या ज्येष्ठ स्त्रीशी चाललेला अप्रत्यक्ष संवाद होता. निरीक्षकाला तो ओळखता आला नाही. अंगाई, दूध, दुपटं ही निरीक्षकानं नंतर घातलेली भर. नाटिका कृपया करू नये."

ज्येष्ठ स्त्री. आईला त्यानं मोठ्या शिताफीनं शालीत गुंडाळून बाजूला ठेवलं. पण बोलला. मी मनात म्हटलं, झालं. आता उठून घरी जावं.

तर टाळ्या. सत्काराला पडल्या नव्हत्या इतक्या. लोक उभे राहिले. प्रमुखबाई धावत माईकपाशी गेल्या. "साठ वर्षांनी स्वतःची चूक अशी जाहीर मान्य करणारा शास्त्रज्ञ तुम्ही कधी पाहिलाय? मुलांनो, आपल्या विभागाचा पहिला धडा हाच. केळीवाल्या बाईची केस आपण शिकवणारच, पण निरीक्षकाची चूक म्हणून!"

पुन्हा टाळ्या. म्हणजे केळीवाली बाई अभ्यासक्रमात राहिलीच. आधी नवरा तिला बरं करून मोठा झाला होता. आता तिच्याबद्दल चुकून मोठा झाला.

टाळ्यांनी त्याला बळ आलं. त्यानं चष्मा काढला, डोळे पुसले, आणि माईक स्वतःकडे ओढला.

"आणखी एक सांगतो. ती स्त्री दुसरी कुणी नाही, माझी पत्नी आहे. ते मूल माझंच होतं. त्या पावसाळ्यात आम्ही दोघांनी जे सोसलं, ते..." आणि तो रुमाल काढत खाली बसला.

सभागृहात नाकं ओढल्याचे आवाज यायला लागले. नागपूरकडची ती बाई आली होती, तिनं पदर डोळ्यांना लावला. पडद्याआडून नात बाहेर आली, माझ्या लुगड्यात, आणि स्टेजवरून माझ्याकडे बघत उभी राहिली. तिच्या हातातलं पिल्लू मुळांसकट लोंबत होतं.

प्रमुखबाई खाली उतरून माझ्यापाशी आल्या. माईक माझ्या तोंडासमोर धरला.

"काकू, दोन शब्द बोला. त्या कठीण काळात तुम्ही दोघांनी एकमेकांना कसं सावरलं?"

मी उठले. गुडघा धरला होता, त्यामुळे वेळ लागला.

"हे तेव्हा इथं नव्हते," मी म्हटलं. "हे तिकडे कमिटीची वाट बघत होते. मुलीला सासऱ्यांनी नेलं, खड्डा त्यांनीच खणला. मी मागं उभी होते. घरी आलो तेव्हा सासूनं आमच्या अंघोळीचं पाणी तापवून ठेवलं होतं. सासरे गेले, सासूही गेली. त्या पावसाळ्यात त्या घरात जी माणसं होती, त्यातली आता मी एकटी उरले आहे."